कॅमेऱ्याशेजारची जागा

९ सप्टेंबर १९५७, सोमवार

मी मरत नाही! हे वाक्य लिहिण्यासाठी म्हणून मुद्दाम रोजनिशी लिहायला घेतली आहे.

हॉलिवूडमध्ये येऊन तीसेक वर्षं झाली. या काळात मला दरोडेखोरांनी गोळ्या घातल्या, तीन-चार शेरीफांनी फासावर चढवलं, एकाने पाण्याच्या पिपात बुडवलं. त्यामुळे पटकथा हातात आली की ती शेवटाकडून वाचायची मला खोड लागली आहे. आपण कुठल्या पानावर मरतो ते आधी बघायचं. लवकर मरत असलो तर घरचा जुना कोट चालतो, उशिरा मरत असलो तर इस्त्रीचा न्यायचा. आजची पटकथा मी शेवटाकडून वाचत पहिल्या पानापर्यंत आलो, मग विश्वास बसेना म्हणून पुन्हा सुलटी वाचली. होमर बीझ्ली, ड्राय फोर्क गावचा तारमास्तर, शेवटच्या पानावर ठणठणीत जिवंत आहे. पुढच्या आठवड्यातही तो असणार आहे. टेलिव्हिजनची मालिका आहे, लोक बघतील तोवर दर आठवड्याला तो तार पाठवत राहणार.

नोराला सांगितलं तर ती ओट्याशी उभी राहून रडली आणि मग गोड लेमन पाय भाजायला घेतला. आमच्या लग्नाला एवढी वर्षं झाली, पण मला एखादी नोकरी असल्यासारखी नोकरी लागल्याचं तिने पहिल्यांदाच बघितलं. आता म्हणाली, परसात संत्र्याचं झाड लावू या, फळं धरेपर्यंत आपण इथेच असणार.

संध्याकाळी बाजारात एका बाईने अडवलं. तुम्ही ग्लेन्डेलच्या हार्डवेअरच्या दुकानातले ना, म्हणाली. माझा चेहरा या देशात सगळ्यांच्या ओळखीचा आहे आणि ऑर्विल टटल हे नाव कुणाच्या गावीही नाही. मी हो म्हटलं. तिने कडीकोयंड्यांबद्दल विचारलं, मी योग्य तो सल्ला दिला. पितळी घ्या म्हटलं.

२३ सप्टेंबर

शूटिंग सुरू झालं. दिग्दर्शक गस लिंडक्विस्ट जुना माणूस, त्याच्या हाताखाली मी पूर्वी दोनदा मेलेलो आहे. पटकथेची पानं सांभाळणारी मॅक्सिन तर माझ्याहून जुनी. वीस वर्षांत तिच्या हातून एक पान हरवलेलं नाही की एक शब्द चुकलेला नाही. मंडळी घरचीच म्हणायची.

फक्त नायक, म्हणजे गावचा शेरीफ, नवा आहे. वेड मर्सर त्याचं नाव. दिसायला देखणा, वागायला गरीब. न्यूयॉर्कला कुठल्याशा मोठ्या गुरूकडे अभिनय शिकून आलाय, आणि तिथे बहुतेक स्वतःच्या शर्टाच्या दुसऱ्या गुंडीशी बोलायला शिकवत असावेत. एक शब्द धड कळेल तर शपथ. आमच्या वेळी तंबूत नाटक व्हायचं, आयोवाच्या शेतात, बाहेर वारा, आत रडणारी पोरं, आणि तरी शेवटच्या बाकावरच्या म्हातारीला शब्द न् शब्द कळला पाहिजे असा दंडक होता. बोलपट आले तेव्हा भले भले देखणे लोक घरी गेले आणि मी टिकलो, तो या आवाजावर. मी वेडला म्हटलं, पोरा, शब्द तोंडातून बाहेर सोड, ते काही तुझ्या मालकीचे नाहीत. तो हसला, काहीतरी बोलला. काय ते अर्थातच कळलं नाही.

८ ऑक्टोबर

आज वेडचं मनापासून कौतुक वाटलं, ते लिहून ठेवतो.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. दोघांचा संवाद असला की आधी दोघं मिळून घेतात, मग एकेकाचा चेहरा जवळून घेतात. ज्याचा चेहरा घेत नाहीत त्याने खरं तर कॅमेऱ्याशेजारी उभं राहून आपली वाक्यं बोलायची असतात, म्हणजे समोरच्याला बघायला माणूस मिळतो. तिथे उभा राहणारा कुणाला दिसत नाही, त्याचा आवाजही पुढे वापरत नाहीत. मोठे नट म्हणूनच थांबत नाहीत. स्वतःचा क्लोजअप झाला की कॉफी प्यायला जातात. मग त्यांची वाक्यं मॅक्सिन वाचते, वाण्याची यादी वाचावी तशी. मी माझी उभी हयात मॅक्सिनच्या यादीकडे बघून भेदरलोय, प्रेमात पडलोय, प्राण सोडलाय. मी स्वतः मात्र प्रत्येकासाठी थांबतो. त्या जागेवर मी जेवढं चांगलं काम केलंय तेवढं कॅमेऱ्यापुढेही केलेलं नसेल.

तर आज माझा क्लोजअप होता आणि वेड गेलाच नाही. कॅमेऱ्याला अगदी खेटून, उजव्या बाजूला, टोपी काढून उभा राहिला, म्हणजे चेहऱ्यावर सावली नको. आणि बोलला कसा, खणखणीत! ओठ स्वच्छ हलवून. माझ्या शिकवणीचा गुण येतोय.

२७ ऑक्टोबर, रविवार

घरीच होतो. हल्ली आमच्या व्हॅन नायस वस्तीत फार शांतता झाली आहे. शेजारच्या ऑस्ट्रँडरबाईंचा कुत्रा, जो पूर्वी माझी सावली दिसली तरी भुंकून जीव नकोसा करायचा, तो वयाने समजूतदार झाला असावा. कुंपणापाशी गेलो तर नुसता माझ्याकडे बघत उभा राहतो. मी त्याला रोज शाबासकी देतो. रातकिडेही गेले. नवीन घरांसाठी संत्र्यांच्या बागा तोडल्या, वर औषधं फवारली, आता किडे कुठून राहणार. वाईट वाटलं. तंबूच्या दिवसांत खेळ संपला की मी आणि नोरा मागच्या पायरीवर बसून रातकिडे ऐकायचो. तेव्हा ती आमची प्रॉम्प्टर होती. कनातीमागे उभी राहून कुजबुजत शब्द पुरवायची आणि मला एकट्यालाच ऐकू जाईल इतक्या बेताने.

आता तीच नोरा स्वयंपाकघरातून असं पुटपुटते की तीनदा विचारावं लागतं. वेडची साथ सगळ्या गावाला लागली आहे.

१४ नोव्हेंबर

होमर बीझ्लीला मी एक लकब दिली. तार येते तेव्हा तो यंत्रावर बोट टेकवून बसतो, नाडी बघणाऱ्या डॉक्टरसारखा. कड कड कड बोटाला लागते आणि मग मी बोलायला लागतो. यंत्र वाजलं की बोलायचं असं गसने ठरवलं होतं, पण दोनदा माझं चुकलं, यंत्र फार हळू वाजवतात. बोट ठेवल्यापासून एकदाही चुकलं नाही. गस म्हणाला, झकास आहे, ठेव. वेड म्हणाला, "पॉप, हे तुम्हाला सुचलं कसं?" सेटवर सगळे मला पॉपच म्हणतात. मी म्हटलं, अनुभव. त्याने माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. पोरगं शिकण्याच्या वयाचं आहे, बघू दे.

४ डिसेंबर

आज वेडचा राग आला. रस्त्याचं दृश्य चाललं होतं. मी तारघरातून बाहेर येऊन रस्ता ओलांडत होतो, तर हा कुठून तरी धावत आला आणि अंगावर आदळला. दोघंही धुळीत. माझा गुडघा फुटला, टोपी चेंगरली. तेवढ्यात मागून सहा घोड्यांची गाडी सुसाट गेली, ती नेमकी टोपीवरूनच. म्हणजे पोराचा धसमुसळेपणा आज कामीच आला म्हणायचा, पण त्याला ते काय ठाऊक! सगळे धावत आले. गस पांढराफटक पडला होता. गाडीवाल्याने म्हणे ओरडून ओरडून घसा फोडला होता. मी म्हटलं, बाबा रे, पुढच्या वेळी जरा मोठ्याने ओरड.

कुणी हसलं नाही. आमचे व्यवस्थापक मिस्टर क्रॅन्स्टन लांब उभे राहून बघत होते. हा गृहस्थ सेटवर फक्त काहीतरी महाग पडलं की येतो.

२५ डिसेंबर

नोराने नाताळची भेट म्हणून बैठकीत एक दिवा बसवून घेतलाय. दारावरची घंटा दाबली की तो लागतो. मी विचारलं, घंटा असताना दिवा कशाला? म्हणाली, शोभेला. बायकांना कशाची हौस वाटेल सांगता येत नाही. मी तिला लोकरी मोजे दिले.

वेड जेवायला आला होता, त्याचं इथे कुणी नाही. टर्कीवर ताव मारला. नोराशी त्याचं बरं जमतं. मी आत गेलो की दोघं काहीतरी बोलत असायचे आणि मी आलो की थांबायचे. मला वाटतं, पोराचं कुठे तरी प्रेमप्रकरण असणार आणि सल्ला मागत असणार.

१७ जानेवारी १९५८

आज विमा कंपनीचा डॉक्टर आला होता. मालिकेचं दुसरं वर्ष करायचं ठरतंय, तर आधी सगळ्या नटांची तपासणी. छाती बघितली, गुडघा बघितला. वय छप्पन्न सांगितलं ते त्याने विश्वास न ठेवता लिहून घेतलं. मग म्हणाला, भिंतीकडे तोंड करून उभे राहा, मी बोलेन ते परत म्हणा. मी उभा राहिलो. बराच वेळ उभा राहिलो. वाटलं, तो बाहेर गेला असावा. वळून बघितलं तर तो तिथेच होता आणि बोलत होता.

पुढचं काय लिहायचं.

त्याने मला खुर्चीत बसवलं, समोर बसला आणि विचारलं, "तुम्ही तोफखान्यात होतात का?"

"नाही," मी म्हटलं. "काउबॉयच्या सिनेमांत होतो."

तो हसला नाही. डावा कान गेलाय, म्हणाला, उजव्यात थोडं उरलंय. कानाशी बार उडाले की असं होतं. तीस वर्षं माझ्या कानाशी खोटे बार उडताहेत. खोटी गोळी, खोटं रक्त, खोटं मरण, फक्त आवाज तेवढा खरा होता.

१८ जानेवारी

आज नोराशी बोललो. दिवसाउजेडी, परसात, समोरासमोर.

मी विचारलं, "तुला केव्हापासून माहीत आहे?"

"मागच्या ईस्टरपासून."

"मग सांगितलं का नाहीस?"

"सांगणारच होते. तेवढ्यात तुला हा तारमास्तर मिळाला. तुझं पात्र पहिल्यांदा जगणार म्हणून तू नाचत घरी आलास, ऑर्विल. कुठल्या तोंडाने सांगू?"

आणखी कुणाकुणाला माहीत आहे, मी विचारलं. ती म्हणाली, सगळ्यांना. मला इतकी लाज वाटली की संत्र्याच्या रोपट्याकडे बघत बसलो. मग तिने माझी हनुवटी धरून तोंड आपल्याकडे वळवलं.

"वेडने ऑक्टोबरातच फोन केला होता," ती म्हणाली. "त्याने फक्त एवढंच विचारलं, मी कुठल्या बाजूला उभा राहू."

मी उठलो आणि कुंपणापाशी गेलो. ऑस्ट्रँडरबाईंचा कुत्रा पलीकडे उभा होता. या वेळी मी त्याच्या तोंडाकडे नीट बघितलं. तोंड उघडत होतं, मिटत होतं, मानेवरचे केस उभे राहिले होते. बिचारा कधीपासून माझ्यावर ओरडतोय आणि मी त्याला शाबासकी देतोय.

मला भीती वाटते आहे. मरणाची नाही, त्याची सवय आहे. हा होमर हातचा जाईल याची.

२९ जानेवारी

पटकथा आली. शेवटाकडून वाचायला घेतली आणि फार वाचावं लागलं नाही. शेवटून दुसऱ्या पानावर होमर बीझ्लीला भर रस्त्यात गोळी लागते.

गस स्वतः घरी आला होता पटकथा घेऊन, निरोप्या पोराच्या हाती पाठवली नाही. क्रॅन्स्टनचा हुकूम आहे, म्हणाला. ज्याला घोडे येतात ते कळत नाही असा माणूस विम्यात बसत नाही. आणि कानात यंत्र घालावं तर ड्राय फोर्कच्या काळात तसलं यंत्र कुठून आणायचं? गस समोर बसून सावकाश बोलत होता, दर वाक्यानंतर माझ्या डोळ्यांत बघत होता. मी म्हटलं, "अरे गस, तू मला पूर्वी दोनदा मारलंयस, तेव्हा तर कॉफीही विचारली नव्हतीस." तो नाक शिंकरत राहिला.

एक गोष्ट मात्र त्याने केली. म्हणाला, गोळी लागून पडेपर्यंत लांबून घेतो, पण मरण फक्त तुझ्या चेहऱ्यावर घेणार. दुसरं काही नाही, दुसरीकडून नाही. क्लोजअपमध्ये मरायचा मान मला आजवर मिळाला नव्हता. मी नेहमी पाठमोरा मरतो, नाहीतर टेबलामागे.

वेडला हे आवडलेलं नाही. तो क्रॅन्स्टनच्या खोलीत जाऊन आला म्हणे, दार आपटून. मी त्याला बोलावून समजावलं, नायकाने असं करू नये, तुझं सगळं आयुष्य पुढे आहे. तो मान खाली घालून ऐकत होता. मग लक्षात आल्यावर मान वर केली, मला त्याचे ओठ दिसावेत म्हणून, आणि म्हणाला, "तुम्ही म्हणाल तसं, पॉप." आमच्याशी वाद घालत नाही हे बरं आहे.

६ फेब्रुवारी

आज होमरला मारायचं होतं. झालं ते असं.

दृश्य सोपं होतं. होमर रस्त्यात पडलाय, शेरीफ त्याच्याशेजारी गुडघे टेकतो. होमर विचारतो, "तार गेली का?" शेरीफ म्हणतो, "गेली, होमर. आता आराम कर." त्या शब्दांवर होमरने डोळे मिटायचे. लांबून जे घ्यायचं ते दुपारीच उरकलं होतं. माझा चेहरा घ्यायला घेतला तेव्हा ऊन डोंगराकडे कललं होतं. हा रस्ता आमचा भाड्याचा, उद्यापासून तो दुसऱ्या कंपनीला दिलेला. गस म्हणाला, एकदाच होईल, टेलिव्हिजनला दुसऱ्यांदा करायला वेळ नसतो.

मी धुळीत पडलो. नोरा आली होती, दोरीपलीकडे उभी होती, लोकरीचे मोजे हातात घालून, कारण हातमोजे घरी राहिले होते. वेड कॅमेऱ्याशेजारी, उजव्या बाजूला, टोपी काढून उभा राहिला. गसने हात खाली केला, म्हणजे सुरू.

मी विचारलं, "तार गेली का?"

आणि वेडच्या ओठांकडे बघत राहिलो.

ओठ हलेनात. मी थांबलो. संकेत मिळाल्याशिवाय डोळे मिटायचे नाहीत ही तंबूतली शिस्त आहे, एकदा मी आयोवात ढेकूण चावत असताना तशी निभावली होती. वेड माझ्याकडे बघत होता, त्याचे डोळे भरले होते आणि तोंड घट्ट मिटलेलं. विसरला, माझ्या मनात आलं. पोराने मनाला लावून घेतलंय आणि ऐन वेळी ओळ विसरला. मग मी त्याला सावरून घ्यायला पुन्हा विचारलं, "तार गेली का, पोरा?" तरी नाही. तोंडावरचं ऊन हळूहळू हनुवटीपर्यंत उतरलं. आणि मग मला एकदम वाटलं ते असं, की मला जायचं नाही. होमरला जायचं नव्हतं की मला, कोण जाणे. मला इथेच राहायचं होतं, या खोट्या गावात, या माणसांत, ज्यांनी मला कळू न देता माझे कान सांभाळले. हे सगळं बहुधा तोंडावर दिसलं असणार, कारण मी काही लपवत बसलो नाही.

आणि फिल्म संपली.

एवढा गलथानपणा मी उभ्या आयुष्यात बघितला नाही. वेड ओळ विसरला, ते एक सोडा, तरुण आहे. पण गस कट म्हणायला विसरला. कॅमेरामनने फिल्म पुरेल की नाही ते बघितलं नव्हतं, म्हणे तुकडाच चढवला होता. आणि वेडला ओळ सांगायला मॅक्सिनकडे बघितलं तर तिने खांदे उडवले. नेमकं तेच पान सापडत नव्हतं! वीस वर्षांत पहिल्यांदा. मी म्हटलं, अजून थोडं ऊन आहे, पटकन उरकू या, मी मरतो. गसने मनगटावरचं घड्याळ न बघताच सांगितलं की ऊन गेलं. भर उजेडात.

वेड माझ्यापाशी आला. "माफ करा, पॉप. ओळच आठवली नाही."

"होतं असं," मी म्हटलं. "कुणाला बोलू नकोस. मीही बोलणार नाही."

त्याने मला मिठी मारली, शर्टाला धूळ लागेल याची पर्वा न करता. घरी येताना नोराला मी हा सगळा सावळागोंधळ सांगितला, जणू ती तिथे नव्हतीच. ती रस्त्याकडे बघून गाडी चालवत होती. खांदे हलत होते. रडत होती की हसत होती ते बाजूने कळलं नाही.

३ मार्च

क्रॅन्स्टनने थैमान घातलं म्हणे. मृत्यू नसलेलं मरण त्याच्या गळ्यात पडलं, आणि ज्या आठवड्यात दाखवायचं तो तोंडावर आलेला. तेवढ्यात ज्या साबणवाल्यांच्या पैशावर आमची मालिका चालते त्यांचे म्हातारे मालक ओहायोहून आले होते. अंधाऱ्या खोलीत बसून त्यांनी ते दृश्य बघितलं. दिवे लागल्यावर एवढंच विचारलं, "तो म्हातारा जगतो ना?" क्रॅन्स्टन म्हणाला, जगतो, अर्थात जगतो, तसंच तर लिहिलंय.

हे मला गसने फोनवर सांगायचा प्रयत्न केला आणि मग नाद सोडून गाडी काढून घरी आला. गोळी होमरच्या कानाला चाटून गेली असं आता लिहिताहेत. ऐकू येणं गेलं. यापुढे तो तार बोटाने वाचणार. त्याला रस्त्यावर, घोड्यांमध्ये पाठवायचं नाही, ही विम्यावाल्यांची अट. मी म्हटलं, तारमास्तराला रस्त्यावर काम तरी काय असतं?

वेडला मी पत्र लिहून कळवलं की तुझ्या विसरभोळेपणामुळे शेवटी भलं झालं, पण याची सवय लावून घेऊ नकोस.

१८ मे

रविवार. सकाळी बाजारात एक लहान मुलगी माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि तिने माझ्या हातावर बोटाने टकटक केलं. कड, कड, कड. आईने तिला ओढलं आणि माझ्याशी काहीतरी बोलली. मला वाटलं कडीकोयंडे असणार. नोराने समोर येऊन सांगितलं, "ती विचारतेय, तुम्ही होमर ना?"

नवी पटकथाही आली आहे. अजून शेवटाकडूनच वाचतो. वेडच्या क्लोजअपला मी उद्या त्याच्यासाठी थांबणार आहे, नेहमीप्रमाणे. तो पुन्हा पुटपुटायला लागलाय असं नोरा म्हणते, पण फक्त इतरांशी.

कानासाठी यंत्र घेतलं. त्यात भांडी ऐकू येतात, ऑस्ट्रँडरबाईंचा कुत्रा तर जरा जास्तच. बारीक आवाज मात्र येत नाहीत, ते येणारही नाहीत असं डॉक्टरने सांगून ठेवलंय. संध्याकाळी जेवण झाल्यावर मागच्या पायरीवर बसलो होतो. संत्र्याच्या झाडाला यंदा पाचसहा फुलं आली आहेत. नोरा भांडी टाकून बाहेर आली. माझ्याशेजारी बसली नाही. पायरी उतरून खाली गेली, उजव्या बाजूला, उतरतं ऊन तोंडावर पडेल अशी उभी राहिली. पूर्वी कनातीमागून शब्द पुरवायची, आता समोर येऊन पुरवते.

"रातकिडे सुरू झाले," ती म्हणाली.

मी डोळे मिटले, मान किंचित तिरपी केली आणि ऐकल्यासारखं केलं. बराच वेळ केलं. धंद्याचा एवढा अनुभव आहे, काम चांगलंच वठलं असणार. डोळे उघडले तेव्हा नोरा एप्रनने डोळे पुसत होती, त्यावरून तिला ते अगदी खरं वाटलं हे उघड आहे.